टेम्पोच्या अपघातात मेव्हण्याचा हात अधू झाला, शेठ दीड लाखात मिटवा म्हणतोय. काय करावं?

मोशीकर

नमस्कार मंडळी. बरीच वर्षं नुसता वाचतोय, लिहायची वेळ आज आली.

बायकोचा धाकटा भाऊ, वय ३५, एका टेम्पोवर क्लीनर. म्हणायला क्लीनर, खरं काम हमालीचं. गोण्या चढवणं, उतरवणं, रश्शी मारणं. एप्रिलमध्ये पहाटे चारच्या सुमारास चाकण-तळेगाव रस्त्यावर एक खडीचा डंपर बंद पडून अर्धा रस्त्यात उभा होता. मागचे दिवे बंद. टेम्पो डाव्या अंगाने त्याच्यात घुसला. ड्रायव्हरला खरचटलं, डाव्या बाजूला बसलेल्या आमच्या पोराच्या डाव्या कोपराचा चुरा झाला. दोन ऑपरेशनं, आत प्लेट. कोपर आता काटकोनापुढे सरळ होत नाही आणि मूठ पूर्ण मिटत नाही. शर्टाची बटणं बायको लावून देते.

पगार महिना १८ हजार, बराचसा रोख. शेठने दवाखान्याचे ८० हजार भरले, ते नाकारत नाही. आता म्हणतो, आणखी दीड लाख देतो, पाचशेच्या स्टॅम्पवर "माझी काही तक्रार नाही" असं लिहून दे. सिव्हिलचं सर्टिफिकेट मिळालंय, त्यावर ४२ टक्के आहे. पोलिसांनी गुन्हा आमच्याच टेम्पोच्या ड्रायव्हरवर नोंदवलाय. आठ महिने झाले. सही करावी की नको?

टायरवाला

माझ्या दोन गाड्या आहेत, म्हणून दुसरी बाजू सांगतो. शेठ वाईटच असेल असं नाही. ८० हजार खिशातून काढणारे मालक मी फार पाहिलेले नाहीत. पण त्याला एक विचारा: पॉलिसीत "पेड ड्रायव्हर / क्लीनर" अशी ओळ आहे का? माणशी पन्नास रुपये जास्त भरावे लागतात. एजंट कधी कधी प्रीमियम कमी दिसावा म्हणून ती ओळच गाळतो, आणि मालकाला पत्ता नसतो. ती ओळ असेल तर शेठ तुमच्याशी का भांडतोय? पैसे कंपनी देणार, त्याने फक्त कळवायचं. पॉलिसीची झेरॉक्स मागा. देत नसेल तर गाडी नंबरवरून कुठली कंपनी ते काढता येतं.

काळा_कोट

सही करू नका. आधी एवढंच. बाकीचं खाली.

स्टॅम्पपेपरचं बघू. कामगार नुकसानभरपाईचा कायदा १९२३ चा (२१ नोव्हेंबर २०२५ पासून त्याच्या जागी सामाजिक सुरक्षा संहिता आली, पण तुमचा अपघात त्याआधीचा, म्हणून जुनाच लागू), त्याचं कलम १७ म्हणतं की कामगाराने आपला भरपाईचा हक्क सोडून देणारा करार रद्दबातल. कलम २८ म्हणतं की भरपाईबद्दल तडजोड झालीच तर ती कामगार भरपाई आयुक्तांकडे नोंदवावी लागते, आणि रक्कम अपुरी वाटली तर आयुक्त नोंदणी नाकारू शकतात. म्हणजे शेठच्या कागदाला कायद्यात वजन नाही. पण एकदा सही गेली की उलटतपासणीत तोच कागद तुमच्या मेव्हण्याच्या नाकासमोर धरतात आणि साहेबांपुढे तो गोंधळतो. म्हणून नको.

आता मुख्य मुद्दा. तुमच्यापुढे दोन दारं आहेत आणि मोटार वाहन कायद्याच्या कलम १६७ प्रमाणे त्यातल्या एकातूनच जाता येतं.

पहिलं दार १९२३ च्या कायद्याचं. इथे चूक कोणाची हा प्रश्नच येत नाही. कामावर असताना, कामामुळे अपघात झाला, एवढं पुरतं. हिशोब ठरलेला: कायम पूर्ण अपंगत्व असेल तर पगाराच्या ६० टक्के गुणिले वयाचा गुणांक. ३५ वर्षांना गुणांक १९७.०६. पगार मात्र १५ हजारच धरतात (जानेवारी २०२० पर्यंत तर ८ हजारच धरायचे). ९,००० × १९७.०६ = १७,७३,५४०. कमाईची क्षमता ४२ टक्के गेली असं धरलं तर साधारण ७ लाख ४५ हजार. अपघातानंतर महिन्याभरात दिले नाहीत तर १२ टक्के व्याज, आणि विनाकारण टाळाटाळ केली तर मालकाला ५० टक्क्यांपर्यंत दंड. मुदत दोन वर्षं.

दुसरं दार जिल्हा न्यायालयातल्या मोटार अपघात दावा प्राधिकरणाचं, कलम १६६. इथे पगार पूर्ण धरतात. १८ हजार म्हणजे वर्षाचे २,१६,०००. कायम नोकरी नसलेल्या चाळिशीच्या आतल्या माणसाला भविष्यातल्या वाढीचे ४० टक्के मिळवायचे (२०१७ चा प्रणय सेठी निकाल, जखमींनाही तो लागू, २०२० चा पप्पू देव यादव). झाले ३,०२,४००. ३५ वयाला गुणक १६ (सरला वर्मा, २००९). ४८,३८,४००. त्याच्या ४२ टक्के केले तर वीस लाखांच्या वर. दवाखाना, वेदना, घरी बसून बुडालेले महिने, हे सगळं वेगळं. पण इथे निष्काळजीपणा सिद्ध करावा लागतो.

"दुसरं दार मोठं, तिथेच जाऊ" असं लगेच म्हणू नका. आधी एफआयआर आणि घटनास्थळाचा पंचनामा दाखवा.

मोशीकर

वकीलसाहेब, आभार. एफआयआरची प्रत आहे, पंचनामा नाही. पण गुन्हा आमच्याच ड्रायव्हरवर आहे म्हणजे दुसरं दार बंदच ना?

काळा_कोट

बंद नाही. चालता चालता उभ्या गाडीवर आदळला की पोलीस चालत्या गाडीवर गुन्हा टाकतात, ही ठाण्यातली रीतच आहे. प्राधिकरण पोलिसांच्या मताला बांधलेलं नसतं.

पण चूक कोणत्या गाडीची ठरते याने रकमेची गणितं फिरतात. तुमच्या टेम्पोच्या विमा कंपनीसाठी क्लीनर हा मालकाचा नोकर. त्याच्यापुरती कंपनीची जबाबदारी सहसा १९२३ च्या कायद्याएवढीच. वरचे पैसे शेठच्या खिशातून, आणि तिथून वसूल करायला जन्म जातो. डंपरच्या विमा कंपनीसाठी मात्र तुमचा मेव्हणा त्रयस्थ. तिथे वरची मर्यादा नाही.

म्हणून डंपर. रात्री रस्त्यात दिवे न लावता गाडी उभी करणं हे मोटार वाहन कायद्याच्या कलम १२२ चं उल्लंघन आहे. आणि "उभी गाडी म्हणजे वाहनाचा वापर नाही" हे कंपन्यांचं जुनं रडगाणं सर्वोच्च न्यायालयाने १९९१ मध्येच मोडून काढलंय, तेही आपल्या पुणे-बंगळूर महामार्गावर कलंडलेल्या पेट्रोल टँकरच्या प्रकरणात. दोन्ही गाड्यांची चूक निघाली तरी तुमचा मेव्हणा गाडी चालवत नव्हता, त्याच्या वाट्याला कपात येत नाही. २०१५ च्या खेन्येई निकालाप्रमाणे तो सगळी रक्कम दोघांपैकी कोणाही एकाकडून मागू शकतो. मग ते दोघे आपसात काय ते बघतील.

पंचनाम्यात हे शोधा: डंपरमागे त्रिकोण ठेवला होता का, रिफ्लेक्टर होते का, निदान दगड किंवा झाडाच्या फांद्या तरी टाकल्या होत्या का, रस्त्याचा किती भाग अडला होता.

जुना_विमेकरी

विमा कंपनीत हयात गेली, आता निवृत्त. वकीलसाहेबांनी कायदा बरोबर सांगितला, पण स्वप्नं जरा मोठी दाखवली. ४८ लाख, वीस लाख असे आकडे टाकले की माणसं घरबसल्या कर्ज काढतात. ४२ टक्के कोणी जसेच्या तसे देत नाही. कंपनीचा डॉक्टर साक्षीला येतो, "हे ४२ टक्के फक्त डाव्या हाताचे, पूर्ण शरीराचे १४" म्हणतो, आणि हिशोब एक तृतीयांशावर येतो. शिवाय डावा हात. उजवा शाबूत आहे.

आणि खोट्या केसेस किती येतात ते मी पाहिलंय. घरी जिन्यावरून पडलेला माणूस अपघाताच्या केसमध्ये घुसवतात. कंपनी उगीच संशय घेत नाही.

हाडवैद्य_नव्हे_डॉक्टर

मी ऑर्थोपेडिक. अशी सर्टिफिकेटं दर बुधवारी लिहितो, म्हणून बोलतो.

त्या कागदावर आम्ही लिहितो ते "डाव्या वरच्या अवयवाच्या संदर्भात" कायम दोष किती. कोपर किती अंशात वाकतं, किती सरळ होतं, पकडीची ताकद किती, हे मोजून बेरीज. रुग्ण पोटापाण्याला काय करतो हे त्या तक्त्यात कुठेच नाही. हमालाचा हात असो की पेन्शनरचा, माझा आकडा तोच येतो. तो पुढे कमाईत कसा बदलायचा हे कोर्टाचं काम, माझं नाही. पण साक्षीला बोलावलं तर मी एवढं नक्की सांगू शकतो की या हाताने पन्नास किलोची गोणी पाठीवर घेता येणार नाही. वकील ते विचारतच नाहीत हो! "डॉक्टर, टक्केवारी बरोबर आहे का?" एवढं विचारून बसतात.

विमेकरी, एक तृतीयांशाचं सूत्र तुमच्या कंपन्यांनी लाडकं केलंय. कारकुनाला ते चालेल.

काळा_कोट

डॉक्टर, तुम्ही माझं निम्मं काम केलंत. हेच राजकुमार विरुद्ध अजयकुमार, निकाल ऑक्टोबर २०१० चा. त्यात सर्वोच्च न्यायालयाने स्वच्छ सांगितलंय: अवयवाची टक्केवारी म्हणजे कमाईच्या तोट्याची टक्केवारी नव्हे. आधी बघा तो माणूस काय काम करत होता, आता काय करू शकतो, आणि दुसरं काही काम त्याला जमण्यासारखं आहे का. ड्रायव्हरचा किंवा सुताराचा हात गेला तर कमाई जवळजवळ पूर्ण जाते. सरकारी कारकुनाचा हात गेला तर नोकरी टिकू शकते. दोघांची सर्टिफिकेटं मात्र सारखी.

आणि विमेकरी, "डावा हात" म्हणालात म्हणून आठवण करून देतो. १९७६ चं प्रताप नारायण सिंग देव विरुद्ध श्रीनिवास साबटा. सुताराचा डावा हात कोपराच्या वरून कापावा लागला होता. सुतारकाम एका हाताने होत नाही म्हणून आयुक्तांनी १०० टक्के तोटा धरला आणि सर्वोच्च न्यायालयाने तो कायम केला. त्याचा तरी हात गेलाच होता. मोशीकर, तुमच्या मेव्हण्याचा आहे, म्हणून १०० मिळतील असं मी म्हणणार नाही. पण १४ ला तर अजिबात बसायचं नाही.

जुना_विमेकरी

१०० मागा, १४ नको म्हणा, मधे कुठेतरी मिटेल. लोक अदालतीत तसंच होतं. मी तेच म्हणत होतो.

सुनंदा_पिंपळे_सौदागर

"मधे कुठेतरी मिटेल" हे ज्याला चार वर्षं वाट बघावी लागली नाही त्याला बोलायला सोपं आहे.

आमच्या ह्यांचा पाय कंपनीच्या बसमध्ये मोडला, ट्रकने धडक दिली होती. एक सांगते, कोर्टात काय विचारतात ते. विमा कंपनीच्या वकिलांनी विचारलं, "तुम्ही आज कोर्टात कसे आलात?" हे म्हणाले, "मुलाच्या गाडीवर." "म्हणजे गाडीवर बसता येतं?" "हो." लिहून घेतलं: साक्षीदार दुचाकीवर प्रवास करू शकतो. मुलाने दोन माणसांच्या आधाराने बसवलं हे कोणी विचारलं नाही आणि ह्यांना सांगायचं सुचलं नाही. भाऊ, मेव्हण्याला आधी शिकवून ठेवा. खोटं नाही, पूर्ण खरं सांगायला. "चहाचा कप उचलता येतो का" विचारतील. येतो, पण पन्नास किलो येत नाहीत, असं म्हणायचं.

दुसरं, बिलं. मेडिकलवाल्याकडून घेतलेल्या प्रत्येक बिलावर पेशंटचं नाव आणि तारीख हवी. आमची तीस-पस्तीस हजारांची बिलं नुसती "कॅश" लिहिलेली होती, गेली.

बीडकर

वकीलसाहेब, जरा आमच्याकडचं पण सांगा. ऊसतोडीला जाताना ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत बायका-पोरं, भांडीकुंडी, कोयते, सगळं एकत्र भरत्यात. गेल्या साली आमच्या तांड्यातली ट्रॉली घाटात पलटी झाली. एकीचा पाय मोडला. मुकादम म्हणतो उचल फेड आधी. ट्रॅक्टरवाला म्हणतो ट्रॉलीला विमाच नाही. कारखाना म्हणतो आमचे कामगारच नाहीत, मुकादमाचे आहेत. बाईनं कुणाच्या दारात जायचं?

काळा_कोट

हा प्रश्न खरं तर वेगळ्या धाग्याचा आहे, थोडक्यात सांगतो. १९२३ च्या कायद्याचं कलम १२ बघा. काम कंत्राटदारामार्फत करून घेतलं आणि ते काम मुख्य मालकाच्या धंद्याचाच भाग असेल, तर भरपाई मुख्य मालकाकडून मागता येते. तो मग कंत्राटदाराकडून वसूल करील. ऊस तोडून आणणं हा साखर कारखान्याच्या धंद्याचा भाग नाही असं म्हणणं अवघड आहे. अर्जात तिघांनाही पक्षकार करा: मुकादम, वाहतूकदार, कारखाना. उचलीचा आणि भरपाईचा काही संबंध नाही. कलम ९ प्रमाणे भरपाईची रक्कम कशातही वळती करता येत नाही.

ट्रॉलीत माणसं बसवली म्हणून विमा कंपनी हात वर करते हे खरं. काही प्रकरणांत न्यायालय "आधी द्या, मग मालकाकडून वसूल करा" असं सांगतं. नेहमीच नाही.

नाईटशिफ्ट

वेगळं विचारतो. मी बाईकवरून रात्रपाळीला जाताना पडलो, गेटपासून तीन किलोमीटरवर. कंपनी म्हणते ड्युटी गेटच्या आत सुरू होते.

काळा_कोट

जुलै २०२५ चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल वाचा, धाराशिव जिल्ह्यातल्या साखर कारखान्याच्या रखवालदाराचा. पहाटे तीनच्या पाळीला मोटारसायकलवरून निघाला, कारखान्यापासून पाच किलोमीटरवर अपघातात गेला. २००३ सालची गोष्ट. आयुक्तांनी भरपाई दिली, उच्च न्यायालयाने काढून घेतली, सर्वोच्च न्यायालयाने परत दिली. बावीस वर्षं. घर ते काम या वाटेवरचा अपघात, वेळ, जागा आणि कामाचा संबंध जुळत असेल तर कामावरचाच, असं त्यांनी म्हटलं. २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या सामाजिक सुरक्षा संहितेत तर हे सरळ लिहिलंय. पण तुमचा ईएसआय (कर्मचारी राज्य विमा) कापला जातो का? २१ हजारांच्या आत पगार असेल तर कापला जात असणार. मग मालकाकडे नाही, ईएसआयकडे जायचं. ते पगाराच्या सुमारे ९० टक्के दराने अपंगत्व लाभ देतात.

मोशीकर

वकीलसाहेब, दोन शंका. एक, कुणीतरी म्हणालं प्राधिकरणात सहा महिन्यांच्या आत जावं लागतं. आमचे आठ झाले. दोन, वॉर्डात एकजण आला होता, २५ टक्क्यांवर केस घेतो म्हणाला.

काळा_कोट

सहा महिन्यांची अट खरी आहे, २०१९ च्या दुरुस्तीतली, एप्रिल २०२२ पासून लागू. तिला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलंय आणि नोव्हेंबर २०२५ मध्ये अंतरिम आदेश झालाय की तोवर केवळ या मुदतीच्या कारणाने दावे फेटाळू नयेत. शिवाय पोलिसांनी प्राधिकरणाला पाठवलेला अपघाताचा अहवालच कलम १६६(४) खाली अर्ज म्हणून धरता येतो. तपास अधिकाऱ्याला विचारा, सविस्तर अहवाल पाठवला का. तरी आता एक दिवसही दवडू नका.

दुसरं: टक्केवारी ठरवणं बार कौन्सिलच्या नियमांत बसत नाही. वॉर्डात हिंडून केस गोळा करणारा मुळात वकीलच नसतो. खर्च झेपत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. अपंग व्यक्तीला मोफत वकील मिळतो, उत्पन्नाचा दाखला मागत नाहीत.

आणि शेठचे ८० हजार आणि दीड लाख. दवाखान्याचं बिल त्याने भरलं म्हणून तुम्ही पहिलं दार निवडलं असं होत नाही. २०१३ च्या द्यामव्वा प्रकरणात तर मालकाने आपण होऊन आयुक्तांकडे जमा केलेली रक्कम विधवेने उचलली होती, तरी तिचा प्राधिकरणातला दावा टिकला. ती रक्कम वजा झाली इतकंच. मात्र स्वतः अर्ज करून आयुक्तांकडे गेलात की दुसरं दार लागलं.

टायरवाला

डंपरचा मालक सापडलाच नाही तर?

काळा_कोट

नंबर मिळालाच नाही तर ते हिट अँड रन. गंभीर इजेला ५० हजार, मृत्यूला २ लाख, अर्ज प्रांत किंवा तहसीलदाराकडे. इथे डंपर जागेवरच होता, त्यामुळे ती वेळ नाही. जाता जाता सगळ्यांसाठी: मे २०२५ पासून रस्ते अपघातातल्या कुणाही जखमीला पहिले सात दिवस दीड लाखांपर्यंत रोख न भरता उपचार मिळण्याची योजना आहे. दवाखान्यात आवर्जून विचारा, आपण होऊन सांगत नाहीत.

मोशीकर

मंडळी, अपडेट. पंचनामा मिळाला. तीन चकरा, शेवटी हवालदारसाहेबांनीच झेरॉक्स काढून दिली, चांगला माणूस. त्यात एक ओळ आहे: "डंपरचे पाठीमागील बाजूस रिफ्लेक्टर दिसून येत नाही, तसेच मागे कोणतीही खूण अगर फांदी ठेवलेली दिसून येत नाही." डंपर रस्त्याच्या कडेपासून आत नऊ फूट.

शेठला सांगितलं की सही करत नाही. आधी ओरडला, मग अडीच लाख म्हणाला, मग पॉलिसी काढून बघितली. टायरवाला, तुमची पन्नास रुपयांची ओळ होती! त्याला स्वतःलाच माहीत नव्हती. आता म्हणतो, साक्ष देतो, डंपरवाल्याला सोडू नका.

हजेरीवही काही देत नाही. पण मेव्हण्याने फोनपेचं दीड वर्षाचं स्टेटमेंट काढलं, २३ पानं. ट्रिप भत्ता शेठ त्यावर टाकायचा. उद्या अकराला शिवाजीनगर कोर्टात वकिलांना भेटतोय.

काळा_कोट

उत्तम. स्टेटमेंटवर पैसे कोणाच्या नावाने आलेत ते आज रात्रीच बघून घ्या. हे मालक लोक बरेचदा बायकोच्या किंवा मुलाच्या नंबरवरून टाकतात. तसं असेल तर शेठ साक्ष द्यायला तयार आहे तोवर त्याच्याकडून दोन ओळी लिहून घ्या, की हा नंबर घरचाच आणि हा पगाराचाच पैसा.

मोशीकर

बघितलं. मुलाच्या नंबरवरून आहेत. सकाळी आधी शेठकडे जातो, मग कोर्टात.